सहाव्या नावापुढची रिकामी जागा

सेल्युलॉइडची एक पारदर्शक शीट पांढऱ्या कागदावर ठेवली, तर डोळ्याला काही फरक कळत नाही. दुसरी ठेवली तरी नाही. तिसरी ठेवली की कागद किंचित मळकट वाटू लागतो, आणि चौथीनंतर त्याला पांढरा म्हणवत नाही. दर शीट शेकड्याला सुमारे चार भाग उजेड खाते. कनकाने हे प्रकाशमापकाने मोजून वहीत टिपून ठेवलं होतं. तिच्या मामांनी, राघोत्तमरावांनी, ते कधीच मोजलं नव्हतं. गेली चौदा वर्षं ते नुसत्या नजरेने तेच गणित सोडवत आले होते.

मद्रासेतल्या वडपळनीच्या त्या स्टुडिओत मागच्या अंगणाला लागून एक लांबट खोली होती. तिथे कार्टूनं होत. साबण, छत्र्या, डोकेदुखीच्या गोळ्या यांच्या दोन-दोन मिनिटांच्या जाहिराती. थिएटरात मुख्य चित्रपटाआधी दाखवायच्या. शीटवर शाईने रेघ काढायची आणि शीट उलटी करून मागच्या बाजूने रंग भरायचा. असे चार थर एकावर एक ठेवून कॅमेऱ्याखाली जात. एखादा हत्ती पहिल्या थरावरून तिसऱ्या थरावर गेला, तर त्याचा करडा रंग पडद्यावर बदलून चालत नसे. म्हणून खालच्या थरासाठी तोच करडा थोडा उजळ कालवावा लागे. करड्याच्या चोवीस छटा, प्रत्येकीचे चार थर, म्हणजे शहाण्णव बाटल्या. मामा झाकण उघडत, काडीने एक थेंब काचेवर ओढत आणि म्हणत, "हा तिसऱ्या थराचा सतरा. दुसऱ्यावर लावू नका." कनकाने एकदा हौसेने त्यांच्या शहाण्णव बाटल्या मापकाखाली तपासल्या. चूक मापकाचीच निघावी इतकी ती बारीक होती.

बाटलीचा क्रमांक झाकणावर लिहायचा, हा नियमही मामांचाच. बाटलीच्या अंगावर रंगाचे ओघळ येतात, आकडे बुजतात. झाकण स्वच्छ राहतं. सगळं खातं तो नियम पाळत असे.

कनका नऊ वर्षांची असताना तिचे वडील गेले. तेव्हा मामा तंजावरहून येऊन मद्रासेत नुकते स्थिरावले होते. ते बहिणीला आणि भाचीला तिरुवल्लिकेणीत आपल्या दोन खोल्यांत घेऊन आले आणि स्वतः लग्न करायचं राहून गेलं. कनकाला पदार्थविज्ञान घेऊन बी.एस्सी. करायचं होतं, तेव्हा नातलगांनी नाकं मुरडली. मामांनी एवढंच सांगितलं, की मुलीला उजेडाबद्दल शिकायचं असेल तर शिकू दे, माझं सगळं पोट उजेडावरच आहे. ज्या दिवशी तिचं नाव कॉलेजात लागलं, त्या संध्याकाळी ते स्वतः दुकानात जाऊन तिच्यासाठी साडी घेऊन आले. पुडकं सोडत म्हणाले, "हिरवी आणलीय. केळीच्या पानासारखी."

साडी विटकरी होती. कनकाने आईकडे पाहिलं. आई, विशालाक्षी, मान न उचलता तांदूळ निवडत होती. मामा पाय धुवायला मागे गेल्यावर ती हळू आवाजात म्हणाली, "मामानं हिरवी म्हटलंय ना? मग हिरवी." तेव्हापासून घरात त्या साडीला हिरवीच म्हणत. 'हिरवी वाळत घाल', 'हिरवीला इस्त्री कर'. कनकाला वाटे, मामांना दुकानदाराने फसवलं आणि आईला त्यांचं मन मोडायचं नाही. विज्ञान शिकलेल्या मुलीने याहून पुढे विचार करायला हवा होता. पण घरातल्या माणसांवर कोणी प्रयोग करत नाही.

मग रंग आला. जाहिरातवाले काळ्या-पांढऱ्या कार्टूनांना नाही म्हणू लागले. मालकांनी खात्याचे व्यवस्थापक गुरुमूर्ती यांना बोलावून सांगितलं, की सहाही माणसांना रंगाचं काम शिकवा. जे शिकतील ते राहतील, बाकीच्यांचं पाहू. पाहू म्हणजे काय ते सगळ्यांना समजलं. कनका तेव्हा कॅमेऱ्याच्या खोलीत उजेड मोजण्याचं काम करत होती. खात्यात शिकलेली तीच एक, म्हणून तिला चार महिने मुंबईला धाडलं. जूनमध्ये ती परत आली ती रंगाच्या चकत्या, मिश्रणांचे तक्ते आणि ठिपक्यांचं एक पुस्तक घेऊन. त्या पुस्तकाच्या पानापानावर रंगीत ठिपके होते आणि ठिपक्यांत लपलेले आकडे. मुंबईच्या शिक्षकांनी बजावलं होतं, की शिकवायला सुरुवात करण्याआधी प्रत्येकाला हे वाचायला लावा. ज्याला आकडा दिसत नाही त्याच्यावर वेळ घालवू नका.

पहिल्या दिवशी ती मुद्दाम तीच साडी नेसून गेली. ज्यांनी शिकवलं त्यांनाच शिकवायचं होतं, तर निदान त्यांची साडी अंगावर असावी. रेघ काढणारा जनकोजी तिला पाहून म्हणाला, "टीचरम्मा आल्या. राव, आता भाचीकडून छड्या खा." जनकोजीही तंजावरकडचाच, पण त्याचं मराठी घरच्या उंबऱ्यातच राहिलेलं, स्टुडिओत तो तमिळमध्येच चेष्टा करी. मामा हसले. म्हणाले, छड्या खाईन, पण ही हिरवी साडी मी आणलेली आहे, तेवढं लक्षात ठेवून मारेल.

बाटल्या धुणारी वसंता खुदकन हसली. जनकोजीने विचारलं, "कुठली हिरवी, राव?" त्याला वाटलं, ही मामांचीच काही थट्टा असावी. मामांचं हसू चेहऱ्यावर तसंच राहिलं, पण डोळे क्षणभर कनकाच्या तोंडाकडे वळले आणि तिथून खाली आपल्या हातांकडे गेले. कनकाने ती नजर ओळखली. प्रयोगशाळेत चुकीचं उत्तर आलं, की मुली आधी शेजारणीच्या वहीकडे पाहतात, ती नजर.

तिने घाईने वर्ग सुरू केला. दुपारी पाच जणांकडून ठिपक्यांचं पुस्तक वाचून घेतलं. त्या वेळी तिने मुद्दाम मामांना सामान आणायला कोडंबाक्कमला पाठवलं होतं. तक्त्यात पाच नावांपुढे 'ठीक' असं लिहिलं. सहाव्या नावापुढची जागा रिकामी राहिली.

रविवारी संध्याकाळी मामा आणि ती मरीनाच्या किनाऱ्यावर चालायला गेले. मामांनीच सांगायला सुरुवात केली. तंजावरला बाराव्या वर्षी ते काकांच्या हाताखाली देवाच्या तसबिरी रंगवायला बसले. कृष्णाच्या गळ्यातली तुळशीची माळ त्यांनी तांबडी रंगवली. काकांना वाटलं, पोरगा देवाची टवाळी करतो. हातावर पट्टी बसली, दुसऱ्यांदा तेच झाल्यावर पाठीवर, आणि तिसऱ्यांदा घरी पाठवणी. आपल्याला काय होतंय हे मामांना पुष्कळ दिवस कळलंच नव्हतं. कळलं ते बहिणीमुळे. विशालाक्षी त्यांना पिकली मिरची आणि कच्ची मिरची शेजारी ठेवून विचारायची, आणि ते बोटाने चाचपून उत्तर द्यायचे. पुढे मद्रासेत एका फोटोग्राफरकडे फोटो दुरुस्त करण्याचं काम मिळालं, मग कार्टून. काळ्या-पांढऱ्यात आल्यावर प्रथमच वाटलं, म्हणाले, की जगातली सगळी माणसं आता मला दिसतं तसंच बघतायत.

"आणि ती साडी?" त्यांनी विचारलं. "जनकोजी काय म्हणत होता? हिरवीच ना गे ती?"

कनकाने समुद्राकडे पाहिलं. "हिरवीच आहे, मामा. जनकोजीला थट्टेशिवाय दुसरं काय येतं?"

मामांनी सुटकेचा श्वास टाकला. मग म्हणाले, "हें एक चित्र होऊन जाऊ दे. केसांच्या तेलाचं. तोवर मज सांभाळ. मग मीच जाऊन गुरुमूर्तींना सांगतो." ती हो म्हणाली.

सांभाळणं सोपं निघालं, हेच वाईट झालं. कोणता भाग कोणत्या क्रमांकाने भरायचा ते चित्राबरोबरच्या कागदावर लिहिलेलं असे. आणि क्रमांक झाकणावर. मामांना रंग ओळखायची गरजच नव्हती, फक्त कालवायला जमणार नव्हतं. म्हणून कनका रोज सकाळी सगळ्यांच्या आधी येई, मामांच्या वाट्याचे रंग कालवी आणि एकेक झाकण उघडून आतला रंग आकड्याशी ताडून ठेवी. मामा साडेनवाला येऊन बसत. त्यांचा हात पूर्वीसारखाच चाले. रेघेच्या बाहेर केसभर रंग जात नसे. वसंता बाटल्या धुणं सोडून आता त्यांच्याच टेबलावर रंग भरायला शिकत होती. नवऱ्याने टाकलेली, घरी एक मुलगी. या शिकण्यावर तिचं सगळं उभं होतं. मामा तिला ब्रश धरायला शिकवत आणि ती त्यांना पडल्या आवाजात "गुरुवे" म्हणे.

दर शुक्रवारी गुरुमूर्ती खिशातून तक्ता काढून सहाव्या नावाचं विचारत. कनका सांगे, मामांचं राहिलंय, त्यांना मद्रास आय झालीय. गावात डोळ्यांची साथ होतीच. तिसऱ्या शुक्रवारी जनकोजी म्हणाला, "रावांची मद्रास आय तीन आठवडे टिकली. नगरपालिकेनं हार घालावा." गुरुमूर्ती हसले आणि तक्ता पुन्हा राहिला. रावांचे डोळे तपासायचे, ही कल्पनाच त्यांना गमतीची वाटत होती.

जुलैत कॅमेऱ्याच्या खोलीत कनकाची जुनी जागा भरायची ठरली. रंगीत फिल्मलाही उजेडाचा हिशेब लागतो, करड्या पट्टीवरून तो जुळवावा लागतो. त्या कामाला रंग दिसण्याची गरज नाही. उजळ आणि गडद यांतलं अंतर दिसायला हवं. अख्ख्या मद्रासेत त्या कामाला मामांसारखा माणूस मिळाला नसता, आणि महिनाभरात कनकाने त्यांना मापक वापरायला शिकवलं असतं. पण गुरुमूर्तींनी विचारलं असतं, खात्यातला सगळ्यात कसबी रंगारी तुम्ही कॅमेऱ्यात का पाठवता? तिने उत्तराची वाक्यं मनात अनेकदा जुळवली. दोनदा त्यांच्या दारापर्यंत जाऊन आली. मामांना शब्द दिला होता. मामाच सांगणार होते. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात त्या जागेवर दुसऱ्या स्टुडिओतला एक माणूस आला. कनकाने घरी सांगितलं नाही. मामांना ते स्टुडिओतच कळलं होतं. जेवताना म्हणाले, नवा माणूस बरा दिसतो, मापक मात्र दोन्ही हातांनी धरतो. मग ताक मागून घेतलं.

नवरात्र आलं. आयुधपूजेच्या आदल्या दिवशी खातं धुऊन काढायची रीत होती. ब्रश, निब, पट्ट्या, काचा, सगळं पाण्यातून निघे. बाटल्या बाहेरून पुसल्या जात, झाकणं काढून सोडाखाराच्या पाण्यात टाकत. मग हत्यारांना गंध-कुंकू लावून देवापुढे ठेवायचं, एक दिवस त्यांना हात लावायचा नाही, आणि विजयादशमीला सकाळी मुहूर्ताला थोडंसं काम करून घरी जायचं. झाकणं वसंताने धुतली आणि रंग बघून-बघून परत बसवली. तिची दोन चुकली. एकतीस म्हणजे पानाचा हिरवा, आणि सत्तेचाळीस म्हणजे कौलांचा विटकरी; उजळपणाला दोन्ही सारखेच. एकाचं झाकण दुसऱ्यावर गेलं. असं कोणाकडूनही होतं; उघडणारा हसतो आणि बदलून टाकतो.

विजयादशमीला कनका स्टुडिओत गेली नाही. घरी नवरात्रातल्या गोलूच्या बाहुल्या पायऱ्यांवर मांडलेल्या, हळदीकुंकवाला बायका येणार. शिवाय मुहूर्ताचं काम ते किती, ब्रश बुडवायचा आणि उठायचं. वसंताने पोपटाच्या चार चोची भरल्या, मामांच्या पाया पडली आणि मुलीला घेऊन देवळात गेली. जनकोजी त्याआधीच गेला होता. मामा मात्र बसून राहिले. तेलाच्या जाहिरातीत वेणी घालणाऱ्या मुलीच्या खांद्यावर एक पोपट येऊन बसतो, तेवढाच भाग उरला होता. तो संपला की चित्र संपलं. चित्र संपलं की गुरुमूर्तींकडे जायचं. त्यांनी शब्द दिला होता आणि त्यांना तो आता लवकर पाळून टाकायचा होता. घरी आल्यावर त्यांनी कनकाला सांगितलं, ते एवढंच की हात अजून चांगला चालतो. त्या एका दिवसात त्यांनी एकतीस नंबरच्या झाकणाखालचा रंग बासष्ट शीटवर भरून, त्या वाळवणीच्या फळ्यांवर ओळीने लावून ठेवल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी आईला ताप होता, म्हणून कनका उशिरा पोचली. हाताला लागली ती 'हिरवी'च नेसून आली होती. खोलीच्या दारातूनच तिला फळ्या दिसल्या. बासष्ट पोपट, पंखांच्या काठापर्यंत नितळ भरलेले, रेघेबाहेर कुठे ठिपका नाही, आणि सगळे विटकरी.

गुरुमूर्ती तिच्या आधी आले होते. अंगाचा मोठा रंग नवशिक्यांनी भरायचा, ही खात्याची पद्धत. म्हणजे हे वसंताचं काम, असं त्यांनी धरलं होतं. वसंता रडत सांगत होती, की मी फक्त चोची भरल्या. झाकणं मी धुतली, झाकणं माझ्याकडून बदलली असतील, पण हे पोपट माझे नाहीत. गुरुमूर्तींनी विचारलं, झाकण बदललं तर बदललं, बाटलीत काय आहे ते दिसत नाही का? डोळे मिटून रंगवलेस? शनिवारी चित्र द्यायचंय. उद्यापासून येऊ नकोस.

मामा टेबलामागे उभे होते. त्यांच्यासमोर दोन्ही बाटल्या उघड्या होत्या आणि ते एकीकडून दुसरीकडे पाहत होते. मग ते तमिळमध्ये, स्पष्ट आवाजात म्हणाले, "पोपट मी रंगवले."

गुरुमूर्तींनी हात हलवला. "राव, तुमचं मन मोठं आहे. पण खोटंही जरा पटेल असं बोला."

"मीच रंगवले. कालचा सगळा दिवस बसून."

"तुम्ही? आंधळ्यानं सांगितलं असतं तर ऐकलं असतं. या डोळ्यांनी विटकरी पोपट रंगवला?" गुरुमूर्तींना राग राहिला नव्हता, थोडं हसूच येत होतं. जनकोजीही हसला. गुरुमूर्ती म्हणाले, मुलगी रडते म्हणून तुम्ही पांघरूण घालणार, मग मी खातं चालवायचं कसं. वसंता भिंतीला टेकून खाली बसली होती. तिने मामांकडे पाहून नको, नको अशी मान हलवली. तिलाही तेच वाटत होतं, की गुरू आपल्यासाठी खोटं बोलतायत.

मामांचे ओठ हलले. पुढचं वाक्य तिथे होतं, कनकाला दिसत होतं. चाळीस वर्षं दडवलेलं वाक्य ऐनवेळी बाहेर येत नव्हतं. गुरुमूर्तींनी हे प्रकरण हसण्यावारी संपवायचं ठरवलं आणि दाराकडे हात करून म्हणाले, "बरं, राव. तुमचीच परीक्षा घेतो. या आपल्या कनकाची साडी कुठल्या रंगाची?"

मामांनी वळून पाहिलं. सकाळपासून प्रथमच त्यांचा चेहरा सैल झाला. जगात हजार गोष्टींच्या रंगांबद्दल त्यांना खात्री नव्हती; या एकीबद्दल होती.

"हिरवी," ते म्हणाले. "मीच आणली होती. ती कॉलेजात गेली तेव्हा."

जनकोजीचं हसू तोंडावरच विरलं. वसंताने डोळे पुसायचे थांबवून साडीकडे पाहिलं, मग फळ्यांवरच्या पोपटांकडे. मामांनी एकेकाचा चेहरा वाचला, घाई न करता, पहिल्या थरापासून चौथ्यापर्यंत वाचावा तसा, आणि शेवटी कनकाकडे आले. हिरवीच ना गे ती, असं मरीनावर विचारलं होतं, तशीच नजर. या वेळीही ती हो म्हणाली असती, तर त्यांनी विश्वास ठेवला असता.

गुरुमूर्तींचा हात खिशावर गेला. तिथे तो तक्ता घडी करून ठेवलेला होता, शुक्रवारपासून शुक्रवारपर्यंत नेऊन मऊ पडलेला.

कनका टेबलाजवळ गेली. आधी ती मामांशी बोलली, आपल्या भाषेत.

"विटकरी आहे, मामा. पहिल्यापासून."

मग ती गुरुमूर्तींकडे वळली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा तमिळमध्ये म्हणाली, "सर, सहाव्या नावापुढे लिहून घ्या. राघोत्तमरावांना हिरवा आणि तांबडा वेगळे दिसत नाहीत. मला जूनपासून ठाऊक आहे. रंगाच्या कामाला ते चालणार नाहीत."